वादळ न येणाऱ्या देशातली वादळतज्ज्ञ

सिंगापूरला चक्रीवादळ जवळपास येतच नाही. विषुववृत्ताच्या इतक्या जवळ वाऱ्याला गरगरायला जमत नाही, असं भूगोलाचं पुस्तक सांगतं. तरीही दोन हजार सालानंतरची बरीच वर्षं मी तिथे वादळतज्ज्ञ म्हणून पगार घेतला, आणि त्यात कोणालाच काही वावगं वाटलं नाही. नागपूरच्या माझ्या नातेवाइकांना तर मी हवामान खात्यात आहे असंच शेवटपर्यंत वाटत राहिलं. ते फोनवर मला पाऊस कधी पडणार ते विचारायचे.

मी साधी इलेक्ट्रिकल इंजिनिअर. नागपुरात एका सरकारी रुग्णालयाच्या देखभाल विभागात नोकरी केली, म्हणजे उन्हाळाभर जनरेटरच्या खोलीत बसून ऑपरेशन थिएटरचे दिवे जाऊ दिले नाहीत. मग माझे यजमान मिलिंद यांना क्लेमेंटीजवळच्या विद्यापीठात पीएच.डी.ला प्रवेश मिळाला आणि आम्ही आमच्या लहानग्या मुलीला, सुजाताला, घेऊन सिंगापूरला गेलो. मिलिंद स्टुडंट पासवर होते. माझी नोकरी असेल तर घर, नसेल तर परत नागपूर, असा सरळ हिशेब होता.

रुग्णालयांना वीज, पाणी आणि ऑक्सिजनच्या नळांची व्यवस्था आखून देणाऱ्या एका छोट्या कंपनीत मुलाखत झाली. मालक मिस्टर लिम माझा अर्ज वाचता वाचता एका शब्दावर थांबले.

"लोडशेडिंग म्हणजे काय?"

"वीज जाते."

"का जाते?"

"पुरत नाही म्हणून."

"आणि तेव्हा रुग्णालय काय करतं?"

"चालतं."

मिस्टर लिमनी पेन खाली ठेवलं आणि युद्धावरून परत आलेल्या माणसाकडे बघावं तसं माझ्याकडे बघितलं. त्यांच्या आठवणीत वीज कधी गेलीच नव्हती. महिन्याभराने कंपनीचं नवीन माहितीपत्रक छापून आलं. त्यात माझा फोटो होता आणि खाली लिहिलं होतं, 'आपत्तीकाळातील रुग्णालय व्यवस्थापनाचा प्रदीर्घ अनुभव'. आपत्ती म्हणजे विदर्भाचा मे महिना, हे मी कोणाला सांगितलं नाही.

धंदा काय होता तो सांगते. वादळ आलं की लोकांच्या डोळ्यांसमोर डॉक्टर येतात, पांढरे कोट घालून धावपळ करणारे. प्रत्यक्षात वादळात इमारत आजारी पडते. वीज गेली की पाणी चढत नाही, पाणी नसलं की उपकरणं निर्जंतुक होत नाहीत, आणि तसं झालं की जगातला सगळ्यात हुशार सर्जन हातावर हात ठेवून बसतो. म्हणून वीज कोणाला आधी द्यायची आणि कोणाची आधी काढायची, हे आधीच शांतपणे ठरवून ठेवावं लागतं. आम्ही ते ठरवून द्यायचो. आमचं गिऱ्हाईक म्हणजे आजूबाजूच्या देशांतली किनाऱ्यावरची रुग्णालयं, जिथे वादळं खरोखरच येत. ज्यांनी वादळ बघितलंय त्यांना, ज्यांनी बघितलं नाही त्यांनी शिकवायचं, असा हा व्यवसाय. त्यात आमच्या ऑफिसातला डेस्मंड फार तरबेज होता. त्याचं काम पडद्यावर रंगीत चित्रं दाखवणं. बोलायला लागला की ऐकणाऱ्याला वाटायचं, वादळ आलंच तर ते डेस्मंडला विचारून येईल.

फिलिपिन्सच्या एका बेटावरचं धर्मादाय रुग्णालय आमचं गिऱ्हाईक होतं. तिथल्या प्रमुख डॉक्टर कोरा, साठीच्या, बुटक्या, स्वतः सर्जन. बोलणं कोरडं आणि सिगारेट कायम हातात, न पेटवलेली. माझा पहिला सल्ला होता की तळमजल्यावरचा जनरेटर वर न्या, आणि त्याच्या बरोबरीने डिझेलचा पंपही उचला. डिझेलची मोठी टाकी जमिनीखाली असते. तिथून तेल वर चढवणारा छोटासा पंप असतो. तो पाण्यात गेला की वरचा जनरेटर उपाशी मरतो. शाळकरी पोरालाही कळेल इतकी सोपी गोष्ट.

जनरेटर वर गेला. पंप खालीच राहिला.

"देणगीदाराला जनरेटर आवडला," डॉक्टर कोरा मला म्हणाल्या होत्या. "केवढा मोठा, पिवळाधमक. त्याच्या वडिलांच्या नावाची पितळी पाटी त्यावर छान बसली. पंपावर पाटी बसत नाही गं. मी विचारून बघितलं."

पुढच्याच पावसाळ्यात टायफून आलं. आपण ज्याला चक्रीवादळ म्हणतो, अमेरिकेत ज्याला हरिकेन म्हणतात, तेच. समुद्र रुग्णालयाच्या तळमजल्यात कमरेएवढा शिरला, पंप बुडाला, टाकीत खारं पाणी गेलं आणि वरचा पिवळाधमक जनरेटर पाटीसकट गप्प झाला.

मला आणि डेस्मंडला पाठवलं तेव्हा विमानतळ बंदच होता. आम्ही सिमेंटच्या गोण्या नेणाऱ्या बोटीवरून गेलो. डेस्मंडने बरोबर दोन कॅमेरे घेतले होते, मी डिझेलचे फिल्टर. बेटावर नारळाची झाडं होती, पण त्यांना डोकी नव्हती. रुग्णालयाच्या दारात आमचं स्वागत एका नर्सने केलं. तिच्या अंगात जांभळा, टिकल्या लावलेला, पायघोळ पार्टीचा गाऊन होता आणि त्यावर रबरी एप्रन. हातात बेडपॅन.

"मी मारितेस," ती म्हणाली. "बाळंतपणाचा वॉर्ड बघते. या मॅम, जपून, इथे घसरतं."

माझा चेहरा बघून तिने खुलासा केला. तिचं घर वाहून गेलं होतं, कपड्यांसकट. नवरा आणि चार वर्षांचा मुलगा एक्स-रेच्या खोलीबाहेर सतरंजीवर राहत होते. बहुतेक नर्सांचं तेच होतं. आणि जगाच्या पाठीवरून मदतीची जी खोकी आली होती, त्यात अंगाला येतील असे कपडे म्हणजे एवढेच, कुठल्याशा शहरातल्या बायकांनी कपाटं रिकामी करून पाठवलेले संध्याकाळचे गाऊन. त्यामुळे त्या वॉर्डात सोनेरी साटिनमधली बाई सलाइन लावत होती आणि मोरपिशी झालरवाली बाई लादी पुसत होती.

डेस्मंड हळूच मला म्हणाला, "फोटो काढताना त्यांना पांढरे कपडे घालायला सांगता येईल का? हे बरं दिसत नाही."

"असते तर घातले असते," मी म्हटलं.

मदतीची खोकी हा एक वेगळाच विषय आहे. वादळातून वाचलेलं रुग्णालय मदतीखाली गुदमरू शकतं, हे मला तिथे कळलं. घामाच्या धारा लागणाऱ्या त्या बेटावर लोकरीचे कोट आले होते. हॉटेलांतल्या शाम्पूच्या बाटल्या आल्या होत्या. व्हेंटिलेटर आले होते, ज्यांच्या पिना तिथल्या एकाही सॉकेटमध्ये जात नव्हत्या. डायलिसिसची यंत्रं आली होती, आणि त्यांना लागेल तेवढं शुद्ध पाणी अख्ख्या वॉर्डाला प्यायला मिळत नव्हतं. हे सगळं ठेवायला कोरडी जागा हवी म्हणून दोन खोल्यांतले रुग्ण व्हरांड्यात आणले होते. आणि एकाही खोक्यात झाडू नव्हता. गुडघाभर चिखल काढायला लागणारी ती पहिली वस्तू.

मी कामाला लागले. जनरेटर उघडला, नळ्या धुतल्या, बोटीवरून डिझेलचे पिंप आणवले. पंप मेला होता म्हणून तेल बादल्यांनी वर न्यावं लागे. नातेवाईक, वॉर्डबॉय, मारितेसचा नवरा, सगळे जिन्यावर उभे राहून बादली हातोहात वर देत. तिथे मिळणारं डिझेल गाळानं भरलेलं. फिल्टर तुंबत आणि माझ्याकडचे संपत आले होते. म्हणून मी जनरेटरवर बोजा अगदी बेताचा ठेवायचे. वॉर्डातले पंखे चालू असले तर धुलाई बंद, धुलाई चालू असली तर पंखे बंद, आणि थिएटर लागलं की बाकी सगळंच बंद. जनरेटरच्या खोलीतल्या पॅनेलवर मी अशी बटणांशी खेळत बसायचे आणि मला वाटायचं, मी नागपूर सोडलंच नाही.

अशात बातमी आली की मिस्टर लिम येताहेत. बरोबर सिंगापूरचे काही देणगीदार आणि त्या प्रांताचे एक पुढारी. रुग्णालय पुन्हा उभं राहिल्याबद्दल आभाराचा समारंभ होणार होता. डेस्मंडने हॉलची पाहणी केली आणि माझ्याकडे आला.

"एसी लागेल. प्रोजेक्टर लागेल. पडदे ओढून अंधार करू म्हणजे चित्रं नीट दिसतील. आणि बाहेरचे दिवे पण लाव, भर दुपारी दिसले तरी चालतील. रुग्णालय उभं राहिलंय ना?"

"उभं राहिलंय, पण कुबड्यांवर," मी म्हटलं. "एसी लावला तर वॉर्डाचे पंखे बंद करावे लागतील. माणसं भाजून निघतील."

"एक तास फक्त."

मी तरातरा डॉक्टर कोरांकडे गेले. मला खात्री होती की त्या डेस्मंडला उभा चिरतील. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, "लाव एसी."

"डॉक्टर, वॉर्डात ताज्या बाळंतिणी आहेत."

"मला माहीत आहे. त्यांची बाळंतपणं मी केलीत."

"मग?"

"हे बघ, तू चांगली बाई आहेस. तू बोटीत बसून घरी जाशील आणि तिथे तुला अभिमान वाटेल की तू नाही म्हणालीस. मी इथेच राहणार आहे. पुढच्या वादळालाही इथेच असेन. ही माणसं एक तास थंड हवेत बसली तर मला उडालेलं छप्पर परत मिळेल. बाळंतिणींना मी समजावते."

मला राग आला. मारितेस आणि सोनेरी साटिनवाली नर्स पुठ्ठे घेऊन बाळंतिणींना वारा घालायला बसल्या. मी पंखे बंद केले आणि हॉलचा एसी लावला.

समारंभ सुरू झाला. जनरेटरच्या खोलीला हॉलकडे उघडणारी एक खिडकी होती, त्यातून मला सगळं दिसत होतं. मिस्टर लिम बोलले. पुढारी बोलले. डॉक्टर कोरांच्या गळ्यात शिंपल्यांची भली मोठी माळ घातली गेली आणि त्यांना स्टेजवर मधोमध बसवण्यात आलं. मग पडदे ओढले आणि डेस्मंडने चित्रं दाखवायला सुरुवात केली. त्या चित्रांत आमचा सल्ला होता, आमचा जनरेटर होता, पाठमोरी मीही होते. बादल्या नव्हत्या.

तेवढ्यात मारितेस धावत आली. जांभळा गाऊन तिने गुडघ्यापर्यंत वर खोचला होता.

"मॅम, लेबर रूममध्ये मुलगी आहे. बाळाचे ठोके कमी होताहेत. सिझर करावं लागेल, आत्ता. डॉक्टर कोरा हॉलमध्ये आहेत, आणि दारावरचा माणूस मला आत सोडत नाही. म्हणतो, या कपड्यात नको, पाच मिनिटं थांब."

दारावरचा माणूस आमच्याच कंपनीने ठेवलेला होता. आता मी वाद घालायला गेले असते तर आणखी पाच मिनिटं. एसी चालू असताना थिएटर चालणार नव्हतं ते वेगळंच. माझ्यापुढे पॅनेल होतं. क्लेमेंटीचा फ्लॅट, मिलिंदची पीएच.डी., सुजाताची शाळा हे सगळं एकदम डोळ्यांपुढे आलं, खोटं कशाला सांगू. मिस्टर लिम पहिल्या रांगेत बसले होते. मी हॉलचं बटण खाली ओढलं आणि थिएटरचं वर केलं.

हॉलमध्ये गडद अंधार झाला. एसीचा घरघराट थांबला. आणि कोणी काही बोलायच्या आत स्टेजवरून शिंपल्यांचा खुळखुळाट ऐकू आला. वीज गेली की थिएटरकडे पळायचं, हे त्या बाईच्या हाडात मुरलेलं होतं. लोक पडदे चाचपडत होते तोवर डॉक्टर कोरा जिन्यावर पोचल्या होत्या. मीही त्यांच्या मागे वर धावले. माळ त्यांनी थिएटरच्या दारात माझ्या हातात दिली आणि विचारलं, "तू केलंस?"

"हो."

"बरं केलंस. आता पंखेही बंदच ठेव. मला सक्शनला जोर हवा."

मी खाली आले. माझी नोकरी गेली असं मी धरूनच चालले होते. हॉलमध्ये पडदे उघडले होते, देणगीदार वहीपुस्तकांनी वारा घेत होते आणि डेस्मंड स्टेजच्या टोकावर हात पसरून उभा होता. त्याचा आवाज किंचितही हलला नव्हता.

"सभ्य स्त्रीपुरुषहो," तो म्हणत होता, "तुम्ही आत्ता जे अनुभवलंत, तेच आमच्या पद्धतीचं मर्म. गरज पडताच क्षणार्धात वीज सभागृहाकडून शस्त्रक्रियेकडे. आमच्या तज्ज्ञ मिसेस मेश्राम यांनी हे प्रात्यक्षिक मुद्दाम, न सांगता करून दाखवलं."

टाळ्या वाजल्या. सगळे वळून माझ्याकडे बघायला लागले. मी घामाने निथळत होते, ग्रीसचे हात, गळ्यात कशी कोण जाणे शिंपल्यांची माळ. मिस्टर लिमच्या डोळ्यांत पाणी होतं. एक देणगीदार बाई माझ्याजवळ येऊन म्हणाल्या, आज पहिल्यांदा मला आपत्ती म्हणजे काय ते कळलं. आपत्ती वरच्या मजल्यावर होती आणि थोड्या वेळाने ती रडायला लागली, चांगली खणखणीत. मुलगा झाला होता.

मला बढती मिळाली. मी खरं सांगितलं नाही, आणि कोणी विचारलंही नाही.

समारंभाचा फायदा झाला, हे मला कबूल करावं लागतं. छप्पर मिळालं. भारावलेल्या देणगीदारांनी आपसांत बोलून आणखी एक जनरेटर जाहीर केला. मी डोक्याला हात लावला, पण डॉक्टर कोरांनी मला गप्प बसवलं. त्यांनी देणगीदारांना सांगितलं की नवीन जनरेटरचं 'हृदय' वेगळ्या चौथऱ्यावर बसवायचं आहे आणि सगळ्यांची नावं तिथेच कोरायची आहेत. मी पुरुषभर उंचीचा सिमेंटचा चौथरा बांधून घेतला, वर पंप बसवला आणि समोर ऐसपैस भिंत उभी केली. त्या भिंतीचं तांत्रिक काम काहीच नाही. ती नावांचं वजन पेलते. नंतरच्या वादळांत तो पंप भिजला नाही, हे मी अभिमानाने सांगू शकते. सिंगापूरला परतल्यावर हॉटेलांतल्या परिषदांत डेस्मंड त्या चौथऱ्याचं चित्र दाखवायचा. त्याचं त्याने काहीतरी भारदस्त नाव ठेवलं होतं. रुग्णालय 'पूर्णपणे सावरलेलं' म्हणून आमच्या यादीत गेलं.

एक-दीड वर्ष गेलं असेल. सुजाता ईस्ट कोस्टला सायकलवरून पडली आणि मनगट मोडून घेतलं. तिला एका मोठ्या रुग्णालयात नेलं. तिथे दिवे असे लखलखीत की सावलीच पडत नव्हती. प्लास्टरच्या खोलीत एक नर्स आली, पांढराशुभ्र, कडक इस्त्रीचा गणवेश. सुजाताचा हात हातात घेता घेता ती थांबली.

"मॅम? तुम्ही?"

कपडे वेगळे असल्याने मला ओळखायला वेळ लागला. मारितेस होती.

वादळानंतर काही महिन्यांतच परदेशी नोकरभरती करणारे बेटावर आले होते, तिने सांगितलं. घर नसलेल्या, अनुभवी, संकटात न डगमगणाऱ्या नर्सा त्यांना एका जागी सापडल्या. मुलाला सासूकडे ठेवून ती आली होती. साटिनवाली आखाती देशात होती, झालरवाली इथेच, दुसऱ्या रुग्णालयात.

"मग तिकडे बाळंतपणाच्या वॉर्डाला कोण आहे?" मी विचारलं.

"डॉक्टर कोरा आहेत," ती म्हणाली. "आणि शिकाऊ मुली असतात. शिकल्या की त्याही निघतात."

सावरलेल्या रुग्णालयाची आमची जी व्याख्या होती, तिच्यात वीज होती, पाणी होतं, छप्पर होतं. पुढच्या आठवड्यात मी मिस्टर लिमना म्हटलं, की त्या व्याख्येत काम करणारी माणसंही धरायला हवीत. त्यांना सूचना आवडली. ते म्हणाले, "पण हे चित्रात कसं दाखवणार?"

मारितेस सुट्टीच्या रविवारी आमच्याकडे यायला लागली. मी वरणभात आणि वांग्याची भाजी करायचे. ती ते निमूट खायची आणि मग आमच्या सोफ्यावर झोपून टाकायची, अगदी गाढ, तोंड उघडं टाकून. सुजाता टीव्हीचा आवाज कमी करायची.

अशाच एका दुपारी सिंगापूरचा नेहमीचा पाऊस आला, आभाळ फाटल्यासारखा, तासाभरात संपणारा. खिडक्या वाजायला लागल्या. मारितेस उठली. डोळे पुरते उघडलेही नव्हते. तिने दाराजवळच्या चपला उचलून टेबलावर ठेवल्या. सुजाताचं दप्तर सोफ्यावर ठेवलं. मिलिंदच्या पुस्तकांचा जमिनीवरचा ढीग उचलून कपाटावर नेला. मग तांदळाची गोणी ओढायला लागली.

"आँटी," सुजाता तिच्या सिंगापुरी इंग्रजीत म्हणाली, "इलेव्हन्थ फ्लोअर लाह. वॉटर कॅनॉट कम."

"आय नो, गर्ल," मारितेस म्हणाली, आणि गोणी ओढतच राहिली.

ती एकटीला उचलत नव्हती. मी दुसऱ्या बाजूने धरली. आम्ही दोघींनी मिळून ती ओट्यावर चढवली आणि पाऊस थांबेपर्यंत तिथेच उभ्या राहिलो.